अर्थाचा काळ आणि अर्थाचा मुलूख : इंग्रजी शब्दकोशाच्या इतिहासातील एक प्रश्न

१

एखाद्या शब्दाचे अनेक अर्थ कोशात कोणत्या क्रमाने मांडावेत, हा प्रश्न वरवर पाहता केवळ तांत्रिक स्वरूपाचा वाटतो. वस्तुतः त्या क्रमामागे भाषेविषयीची आणि इतिहासाविषयीची एक निश्चित भूमिका उभी असते. इंग्रजी कोशरचनेच्या अडीचशेहून अधिक वर्षांच्या परंपरेत ही भूमिका किमान तीन वेळा बदललेली दिसते, आणि प्रत्येक बदलाचा परिणाम साहित्यकृतींच्या अर्थनिर्णयनावर झालेला आहे.

सॅम्युएल जॉन्सनने १७४७ साली आपल्या नियोजित कोशाचा आराखडा प्रसिद्ध केला, तेव्हा भाषा स्थिर करता येईल अशी आशा त्याने बाळगली होती. १७५५ साली दोन खंडांतील कोश सिद्ध झाला आणि त्याच्या प्रस्तावनेत जॉन्सनने ती आशा सोडून दिल्याचे नमूद केले. शब्दांना बदलापासून वाचविणे कोणत्याही कोशकाराच्या हाती नसते, याची जाणीव त्याला प्रत्यक्ष काम करताना झाली. तरीही त्याच्या कोशात अर्थांचा क्रम मुख्यतः तर्कानुसारी होता. मूळ, भौतिक अर्थ आधी आणि लाक्षणिक अर्थ नंतर, असे त्याचे सूत्र होते.

एका शतकानंतर, १८५७च्या नोव्हेंबरमध्ये, रिचर्ड शेनेविक्स ट्रेंच याने लंडनच्या फिलॉलॉजिकल सोसायटीपुढे इंग्रजी कोशांच्या उणिवांविषयी जी मांडणी केली, तिने तर्काच्या जागी काळाला बसविले. कोशकार हा भाषेचा न्यायाधीश नसून इतिहासकार आहे. त्याने शब्दांची निवड न करता नोंद करावयाची आहे, हा त्या मांडणीचा गाभा होता. यातूनच पुढे जेम्स मरे याच्या संपादनाखाली ऑक्सफर्डचा महाकोश आकाराला आला. त्याचा पहिला भाग १८८४ साली आणि शेवटचा १९२८ साली प्रसिद्ध झाला. चार लाखांहून अधिक शब्द आणि अठरा लाखांहून अधिक अवतरणे यांच्या आधारे प्रत्येक अर्थाचा पहिला ज्ञात लेखी उपयोग, त्याचा विस्तार आणि त्याचा अस्त कालक्रमाने मांडणारा हा कोश आधुनिक अर्थविचाराची पायाभूत संहिता ठरला.

ऐतिहासिक तत्त्वावरील या कोशाचे यश निर्विवाद आहे. प्रश्न उरतो तो त्या तत्त्वाच्या मर्यादेचा. काळाच्या अक्षावर अर्थाची मांडणी करताना स्थळाच्या अक्षाचे काय होते, हा तो प्रश्न होय.

२

काळाच्या अक्षावरील अर्थांतराची उदाहरणे इंग्रजीच्या अभ्यासकांना परिचित आहेत. आज 'चांगला, सुखद' या अर्थाने वापरला जाणारा 'नाइस' हा शब्द लॅटिनमधील 'अज्ञ' या अर्थाच्या शब्दापासून फ्रेंचमार्गे आला. इंग्रजीत तो प्रारंभी 'मूर्ख' या अर्थाने वावरला. पुढे 'चोखंदळ', मग 'नेमका, सूक्ष्म' आणि अखेरीस 'सुखद' अशी त्याची वाटचाल झाली. 'सिली' या शब्दाचा प्रवास उलट्या दिशेचा आहे. 'सुखी, धन्य' या अर्थापासून 'निष्पाप', 'दुबळा' अशा पायऱ्या उतरत तो 'मूर्ख' या अर्थापर्यंत पोहोचला. 'डिअर' म्हणजे एकेकाळी कोणताही पशू. आज केवळ हरिण. संस्कृतातील 'मृग' शब्दाची कथा नेमकी हीच आहे. तेथेही पशुवाचक शब्द हरिणापुरता आक्रसला आणि 'मृगया', 'मृगेंद्र' यांसारख्या शब्दांत जुना अर्थ गोठून राहिला. परस्परांशी संपर्क नसलेल्या दोन परंपरांत अर्थसंकोचाची ही प्रक्रिया इतक्या समांतर रीतीने घडावी, यावरून अर्थपरिवर्तनाला काही सामान्य नियम असावेत, ही मिशेल ब्रेआल याने १८९७ साली अर्थविचारावरील आपल्या ग्रंथात मांडलेली धारणा बळकट होते.

समीक्षेने या इतिहासाचा उपयोग दोन प्रकारे केला. सी. एस. लुइस याने १९६०च्या आपल्या शब्दाभ्यासात वाचकाला एका विशिष्ट धोक्याची सूचना दिली. एखाद्या शब्दाचा आज प्रबळ असलेला अर्थ जुन्या संहितेत अगदीच विसंगत ठरला तर वाचक सावध होतो. परंतु तो बऱ्यापैकी जुळला तर चूक झाल्याचे त्याच्या लक्षातही येत नाही. अशा अर्थाला लुइसने 'धोकादायक अर्थ' म्हटले. दुसरा उपयोग रेमंड विल्यम्सचा. 'संस्कृती', 'वर्ग', 'उद्योग', 'लोकशाही' अशा शब्दांच्या अर्थांतरांत समाजातील संघर्षांच्या खुणा शोधण्याची पद्धत त्याने १९७६च्या 'कीवर्ड्स'मध्ये रूढ केली. लुइसच्या दृष्टीने अर्थाचा इतिहास हे योग्य वाचनाचे साधन आहे. विल्यम्सच्या दृष्टीने तो स्वतःच वाचावयाची एक संहिता आहे.

या दोन्ही अभ्यासकांची भूमी मात्र प्रामुख्याने इंग्लंडचीच राहिली. त्यांच्या विवेचनात शब्द शतकांमधून प्रवास करतात, समुद्र मात्र क्वचितच ओलांडतात. विल्यम्ससारखा वर्गसंबंधांविषयी अत्यंत जागरूक समीक्षकही साम्राज्याच्या दुसऱ्या टोकाला त्याच शब्दांचे काय झाले, या प्रश्नाकडे फारसा वळत नाही.

३

शब्द समुद्र ओलांडतो तेव्हा काय घडते, याचे साधे उदाहरण म्हणजे 'कॉर्न'. इंग्लंडमध्ये हा शब्द धान्याचा, त्यातही मुख्य पिकाचा, म्हणजे गव्हाचा वाचक राहिला; स्कॉटलंडमध्ये तो ओटसाठी वापरला गेला; अमेरिकेत वसाहतकारांनी मक्याला प्रथम 'इंडियन कॉर्न' म्हटले आणि पुढे विशेषण गळून केवळ 'कॉर्न' उरले. म्हणजे शब्दाचे कार्य सर्वत्र एकच आहे, 'येथील मुख्य धान्य' असे सांगण्याचे. जमीन बदलली म्हणून वस्तू बदलली. १८१५ ते १८४६ या काळात इंग्लंडच्या राजकारणात वादळ उठविणाऱ्या 'कॉर्न लॉज'चा मक्याशी मुख्यत्वे संबंध नव्हता. कीट्सच्या १८१९मधील नाइटिंगेलवरील कवितेत बायबलातील रूथ ज्या परक्या धान्यात उभी आहे, ते बायबलच्या कथेनुसार जव आणि गहू यांचे शेत होय. अमेरिकी अर्थाच्या सवयीने ही कविता वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे मक्याची उंच कणसे उभी राहतात आणि ओळ तरीही अर्थपूर्णच वाटते. लुइसने वर्णिलेला धोका हाच. फरक इतकाच की, येथे तो काळातून आलेला नाही, भूगोलातून आलेला आहे.

नोआ वेब्स्टर याने १८२८च्या आपल्या अमेरिकी कोशात सुमारे ७०,००० शब्द नोंदविताना या प्रश्नाला तात्त्विक रूप दिले. 'काँग्रेस', 'सिनेट', 'कोर्ट' हे शब्द इंग्लंडमध्ये जे सुचवितात ते अमेरिकेत सुचवीत नाहीत. संस्था वेगळ्या असतील तर व्याख्याही वेगळ्या केल्या पाहिजेत, असा त्याचा युक्तिवाद होता. त्यामागे राष्ट्राभिमान होता हे खरे. पण अर्थ हा शब्दात साठविलेला नसून त्या शब्दाभोवतीच्या व्यवहारात असतो, ही त्यातील दृष्टी राष्ट्राभिमानापलीकडे जाणारी आहे.

व्यवहार वेगळे झाले की एकच शब्द परस्परविरोधी अर्थही धारण करतो. एखादा प्रस्ताव 'टेबल' करणे म्हणजे ब्रिटिश संसदीय परिभाषेत तो चर्चेसाठी मांडणे. अमेरिकेत मात्र तो बाजूला सारणे. १९४१-४२च्या हिवाळ्यात वॉशिंग्टन येथे दोन्ही देशांच्या सेनाधिकाऱ्यांच्या बैठकीत या एका क्रियापदामुळे दीर्घ आणि कडवट वाद झाला. दोन्ही पक्षांना हवे होते ते एकच होते, हे उशिरा उमगले. हा प्रसंग विन्स्टन चर्चिल याने आपल्या युद्धेतिहासाच्या १९५० साली प्रसिद्ध झालेल्या तिसऱ्या खंडात नोंदविला आहे. भारतातील विधिमंडळांनी ब्रिटिश परंपरा स्वीकारली. त्यामुळे मराठीतील 'सभागृहाच्या पटलावर ठेवणे' या शब्दप्रयोगात सादर करण्याचाच अर्थ आहे.

केंद्रात नाहीसा झालेला अर्थ परिघावर टिकून राहतो, हा स्थलभेदाचा आणखी एक प्रकार. मोटारीच्या जादा चाकाला भारतात 'स्टेपनी' म्हणतात. वेल्समधील लानेल्ली गावाच्या स्टेपनी स्ट्रीटवर १९०४च्या सुमारास डेव्हिस बंधूंनी तयार केलेल्या जादा चाकाचे हे व्यापारी नाव. ब्रिटनमध्ये ते विस्मृतीत गेले. भारतात आणि माल्टात सामान्यनाम होऊन जगले. घोडागाडीच्या मागील बैठकीला असलेले 'डिकी' हे नाव ब्रिटनमध्ये मागे पडले, तर मराठीत मोटारीच्या सामानकप्प्यासाठी 'डिकी' हाच रूढ शब्द आहे. अशा शब्दांना 'भारतीयांचे चुकीचे इंग्रजी' म्हणणे हे इतिहासाच्या अज्ञानाचे लक्षण ठरेल. त्यांच्यात इंग्लंडच्याच भूतकाळाचा एक थर जतन झालेला असतो.

४

ऑक्सफर्ड कोशाला हा स्थलभेद दिसत नव्हता असे मुळीच नाही. मरेने कोशाच्या प्रारंभीच्या विवेचनात इंग्रजी शब्दसंग्रहाची तुलना तेजोमेघाशी केली आहे. त्याचा गाभा स्पष्ट दिसतो, कडा मात्र अंधुक होत जातात आणि कोठे संपतात ते सांगता येत नाही. परंतु कोशाला कोठेतरी सीमा आखावीच लागते. ती आखताना मरेने परभाषांतून आलेल्या शब्दांसाठी जी वर्गवारी केली तिची परिभाषा विलक्षण बोलकी आहे. शब्दांचे चार वर्ग त्याने कल्पिले : नागरिक, निवासी, परकीय आणि प्रासंगिक. पूर्णपणे मुरलेले शब्द 'नागरिक'. वापरात रुळलेले पण रूपाने वा उच्चाराने वेगळे राहिलेले ते 'निवासी'. परदेशी वस्तू, पदव्या वा संस्था यांची नावे 'परकीय'. आणि प्रवासवर्णनांतून वगैरे अधूनमधून डोकावणारे ते 'प्रासंगिक'. ज्यांचे नागरिकत्व सिद्ध झालेले नाही अशा शब्दांपुढे दोन समांतर उभ्या रेघा छापल्या गेल्या. भाषाशास्त्रीय निकषाला येथे नागरिकत्वाच्या कायद्याची भाषा लाभली आहे. मराठीतील मुंगसाच्या नावावरून घडलेला 'मॉंगूस' आज इंग्रजीत नि:शंकपणे वावरतो. इतर अनेक शब्दांना मात्र दारात थांबावे लागले.

या रेघांचा पुढील इतिहासही उद्बोधक आहे. मूळचे न्यूझीलंडचे रॉबर्ट बर्चफील्ड यांच्या संपादनाखाली १९७२ ते १९८६ या काळात प्रसिद्ध झालेल्या चार खंडांच्या पुरवणीने जगभरच्या इंग्रजीला कोशाची दारे उघडी केली, असा समज दीर्घकाळ रूढ होता. २०१२ साली सारा ओगिल्व्ही यांनी जुन्या खंडांची तपासणी करून हा समज प्रश्नांकित केला. त्यांच्या मते मरे आणि त्याचे सहकारी परकीय शब्दांच्या बाबतीत समजले जातात त्याहून उदार होते, आणि बर्चफील्ड यांनी १९३३च्या पुरवणीतील असे सुमारे १७ टक्के शब्द वगळले. त्यांच्या या निष्कर्षावर वाद झाला. निष्कर्षाचे प्रमाण कितीही मानले तरी एक गोष्ट त्यातून स्पष्ट होते. केंद्र हळूहळू उदार होत जाते आणि परीघ क्रमाने आत घेतला जातो, ही प्रगतीची सरळ रेषा कोशाच्या इतिहासात आढळत नाही.

दरम्यान परिघाने स्वतःचे कोश घडविले होते. कॅसिडी आणि ल पाज यांचा जमैकन इंग्रजीचा कोश १९६७चा, ऑस्ट्रेलियाचा राष्ट्रीय कोश १९८८चा. दक्षिण आफ्रिकेतील इंग्रजीचा ऐतिहासिक तत्त्वावरील कोश आणि ऑलसॉप यांचा कॅरिबियन इंग्रजीचा कोश ही दोन्ही कामे १९९६ची. या कोशांनी ऐतिहासिक तत्त्व नाकारले नाही. त्याला स्थळाची जोड दिली. प्रत्येक अवतरणामागे 'केव्हा' या प्रश्नाइतकाच 'कोठे' हा प्रश्न उभा केला.

५

या सर्व प्रक्रियेची पूर्ण कथा एकाच शब्दात पाहावयाची असेल तर 'घाट' हा शब्द घ्यावा. हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांचा 'हॉब्सन-जॉब्सन' हा अँग्लो-इंडियन शब्दांचा कोश १८८६ साली, म्हणजे मरेच्या कोशाचे पहिले भाग प्रसिद्ध होत असतानाच निघाला, आणि त्यानेही कालक्रमाने अवतरणे देण्याचीच पद्धत अवलंबिली. त्यात 'घाट' या शब्दाचे तीन अर्थ दिले आहेत. पहिला, नदीकाठी उतरण्याची जागा. दुसरा, डोंगरातून खाली उतरणारी वाट. आणि तिसरा, द्वीपकल्पाच्या दोन्ही किनाऱ्यांना समांतर असलेल्या पर्वतरांगांचे विशेषनाम. तिसऱ्या अर्थाविषयी कोशकारांचा तर्क असा की, घाटाच्या वरचा प्रदेश आणि घाटाखालचा प्रदेश असे बोलणे परकीयांच्या कानी पडले, आणि त्यांनी 'घाट' हे पर्वताचेच नाव समजून घेतले.

मराठी वाचकाला हा तर्क लगेच पटण्याजोगा आहे. कोकणात आजही 'घाटावर जाणे', 'घाटावरचे लोक' असे म्हटले जाते, आणि तेथे 'घाटावर' म्हणजे 'देशावर'. बोर घाट, थळ घाट, कुंभार्ली घाट ही वाटांची नावे आहेत; पर्वताचे नाव सह्याद्री. चढ-उतार करणारा माणूस ज्या जागेला त्या चढ-उतारावरून नाव देतो, तीच जागा जहाजावरून किंवा नकाशावरून पाहणाऱ्याला एक अखंड भिंत म्हणून दिसते. वाटेचे नाव भिंतीला मिळणे ही निव्वळ गैरसमजाची गोष्ट नव्हे. पाहणाऱ्याचे स्थान अर्थात कसे उतरते, याचे ते उदाहरण आहे.

कथा येथे थांबत नाही. २०१० साली माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या तज्ज्ञ समितीच्या नावात 'वेस्टर्न घाट्स' हे शब्द होते. २०१२ साली युनेस्कोने जागतिक वारशाच्या यादीत ही रांग याच नावाने समाविष्ट केली. मराठी वृत्तपत्रांत, शासकीय कागदांत आणि पाठ्यपुस्तकांत 'पश्चिम घाट' हा त्याचा अनुवाद रूढ झाला. मराठी वाटेचा इंग्रजीत पर्वत झाला आणि तो पर्वत अनुवादाच्या रूपाने मराठीत परत आला. या शब्दाच्या अर्थाचा निर्णय आता त्याच्या मूळ भाषकांच्या हाती पूर्णपणे राहिलेला नाही. अर्थात 'पश्चिम घाट' या नावाला स्वतःचे प्रयोजन आहे. गुजरातपासून तमिळनाडूपर्यंतच्या रांगेचा परिस्थितिकीय एकक म्हणून विचार करताना ते सोयीचे ठरते. परंतु ती सोय स्वीकारताना काय झाकले गेले, याची जाणीव असावयास हवी.

याच शब्दाचा दुसरा प्रवास पश्चिमेच्या समुद्रातून झाला. मॉरिशसमधील पोर्ट लुई बंदरातील उतरण्याच्या जागेला 'कुली घाट' असे नाव होते. १८३४ ते १९२० या काळात सुमारे पाच लाख गिरमिटिया मजूर भारतातून या बेटाकडे आले; त्यांत मुंबई बंदरातून गेलेले मराठी भाषकही होते, आणि त्यांच्या वंशजांचा मराठी समाज तेथे आजही आहे. येथे 'घाट' आपल्या पहिल्या अर्थाने, पायऱ्या आणि धक्का या अर्थाने, उभा आहे. 'कुली' हा शब्द मात्र वाटेत बदलला. त्याची व्युत्पत्ती गुजरातेतील कोळी जमातीच्या नावाशी वा तमिळमधील मजुरीवाचक शब्दाशी जोडली जाते. भारतातील इंग्रजांच्या तोंडी तो मजुराचा वाचक होता. दक्षिण आफ्रिकेत तो भारतीय वंशाच्या कोणाही माणसासाठी वापरावयाची शिवी झाला. १८९३ साली तेथे गेलेल्या गांधींना 'कुली बॅरिस्टर' म्हटले जाई, हे त्यांनीच आत्मकथेत सांगितले आहे. 'बॅरिस्टर' या पदाने 'मजूर' हा अर्थ अशक्य करून टाकल्यावरही शब्द चिकटून राहतो, याचाच अर्थ तो आता व्यवसायाचा वाचक उरलेला नाही. १९३६ साली मुल्कराज आनंद यांनी 'कुली' हेच कादंबरीचे शीर्षक केले, तेव्हा भारतीय वाचकाला त्यातील श्रमाचा अर्थ आणि दरबानच्या वाचकाला त्यातील वंशद्वेषाचा अर्थ आधी जाणवणे स्वाभाविक होते. शीर्षक एकच; त्याचा आघात दोन ठिकाणी दोन प्रकारचा.

मॉरिशसने पुढे त्या जागेचे नाव बदलून 'आप्रवासी घाट' असे केले, आणि २००६ साली ती जागा जागतिक वारशाच्या यादीत गेली. अपमानाचा शब्द काढला गेला, उतरण्याचा शब्द राहिला. त्या यादीत आज 'घाट' दोन वेळा आहे, एकदा धक्का म्हणून आणि एकदा पर्वत म्हणून. यांपैकी एक खरा आणि दुसरा भ्रष्ट, असे म्हणण्यास अर्थविचारात आधार नाही. दोन्ही अर्थ इतिहासाने घडविलेले आहेत. फरक आहे तो त्या घडणीत कोणाचा वाटा होता याचा.

६

या विवेचनाचा रोख केवळ इंग्रजीकडे ठेवला तर त्यातून सोयीस्कर समाधान मिळेल. ऑक्सफर्डच्या दोन उभ्या रेघांवर टीका करणे मराठी अभ्यासकाला सोपे आहे. अवघड आहे ते स्वतःच्या कोशांतील खुणा वाचणे. दाते आणि कर्वे यांच्या १९३२पासून प्रसिद्ध झालेल्या 'महाराष्ट्र शब्दकोशा'त कोकणातील, गोव्यातील, वऱ्हाडातील शब्दांपुढे त्या त्या प्रदेशांची संक्षेपचिन्हे आहेत. त्या कोशकारांचा व्यासंग आणि बोलींविषयीची आस्था वादातीत आहे. ही चिन्हे नसती तर पुष्कळशी सामग्री हरवली असती. तथापि ज्या शब्दांपुढे कोणतेही चिन्ह नाही ते कोणत्या मुलखाचे, हा प्रश्न त्यामुळे मिटत नाही. चिन्ह नसणे म्हणजे प्रदेश नसणे नव्हे. तो प्रदेश स्वतःला सर्वसाधारण मानतो, इतकेच. बोलीतील कादंबरीच्या शेवटी शब्दार्थांची यादी जोडली जाते आणि प्रमाण मराठीतील कादंबरीला तशी यादी लागत नाही; त्यामागे हेच गृहीतक आहे. मुंबईत 'घाटी' हा घाटावरून आलेल्या माणसाचा वाचक शब्द हिणवण्यासाठी वापरला गेला, त्यातही पाहणाऱ्याच्या स्थानाने अर्थ ठरविण्याची तीच प्रक्रिया आहे.

समीक्षेच्या दृष्टीने यातून एक पद्धतीविषयक निष्कर्ष निघतो. संहितेतील शब्दाचा अर्थ ठरविताना तो केव्हाचा आहे हे पाहण्याची शिस्त आता बरीचशी रुजली आहे. तो कोठला आहे आणि कोणाच्या ठिकाणावरून पाहिलेला आहे, हे पाहण्याची शिस्त तितकी रुजलेली नाही. त्यासाठी मराठीला प्रत्येक अर्थामागे काळाचा आणि मुलखाचा दाखला देणाऱ्या, अवतरणांवर उभारलेल्या कोशाची गरज आहे. आणि त्या कोशात पुणे हाही एक मुलूख म्हणून नोंदला जावयास हवा.